वर्गांतून कायदेकौन्सिलांत

महाविद्यालयांत शिकविणाऱ्या माणसानें कायदेमंडळांत जावें कीं न जावें, हा प्रश्न नवा नाहीं. महाराष्ट्रांत तो १८९० सालीं पुण्याच्या डेक्कन एज्युकेशन सोसायटींत उपस्थित झाला आणि त्या निमित्तानें जो मतभेद झाला त्याचे पडसाद पुढें कित्येक वर्षें उमटत राहिले. एका पक्षाचें म्हणणें असें कीं, शिक्षकानें आपला सर्व वेळ व सर्व शक्ति विद्यार्थ्यांस द्यावी. दुसऱ्या पक्षाचें म्हणणें असें कीं, सार्वजनिक कामापासून सर्वस्वीं अलग राहिलेला शिक्षक उद्यांचे नागरिक तयार तरी कसे करणार? ह्या वादांत जो तरुण प्राध्यापक सांपडला होता, तो दहा वर्षांच्या आंत मुंबई इलाख्याच्या कायदेकौन्सिलाचा सभासद झाला आणि त्यानंतर थोड्याच काळांत कलकत्त्यास व्हाइसरॉयच्या कौन्सिलांत जाऊन बसला. त्याचें नांव गोपाळ कृष्ण गोखले.

नामदार गोखल्यांचें नांव घेतलें म्हणजे नेमस्त पक्षाचे पुढारी, भारत सेवक समाजाचे संस्थापक आणि गांधीजींनीं ज्यांस आपले राजकीय गुरु मानलें ते गृहस्थ, एवढें बहुतेकांस आठवतें. परंतु त्यांच्या कौन्सिलांतील भाषणांमागें सतरा-अठरा वर्षांची मास्तरकी उभी होती, ही गोष्ट सहसा कोणी ध्यानांत घेत नाहीं. वर्गांत मिळविलेल्या कोणत्या गुणांचा त्यांस कौन्सिलांत उपयोग झाला, आणि एकाच माणसास ह्या दोन जागा कोठपर्यंत सांभाळतां येतात, हें पाहण्यास त्यांच्याइतकें स्पष्ट उदाहरण दुसरें मिळणें कठीण.

गोखल्यांचा जन्म ९ मे १८६६ रोजीं रत्नागिरी जिल्ह्यांतील कोतळूक ह्या गांवीं झाला. वडील लवकर वारले आणि घराचा भार थोरले बंधु गोविंदराव ह्यांच्यावर पडला. पंधरा रुपयांच्या नोकरींतून आठ रुपये धाकट्या भावाच्या शिक्षणासाठीं पाठवावयाचे व उरलेल्यांत संसार करावयाचा, असा त्या घरचा हिशेब होता. पैशाची किंमत काय असते आणि एक रुपया कमी पडला तर गरिबाच्या घरांत काय होतें, हें गोखल्यांस अर्थशास्त्राच्या पुस्तकांतून शिकावें लागलें नाहीं. १८८४ सालीं मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजांतून ते बी. ए. झाले आणि पुढच्याच वर्षीं पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कुलांत शिक्षक म्हणून रुजू झाले.

ही शाळा चालविणारी डेक्कन एज्युकेशन सोसायटी म्हणजे त्या काळचा एक नवाच प्रयोग होता. सरकारी कॉलेजांत मोठ्या पगाराच्या जागा होत्या; येथें आजीव सभासदांनीं वीस वर्षें सेवा करण्याचें वचन द्यावयाचें आणि दरमहा ७५ रुपयांच्या घरांतील वेतनावर संतोष मानावयाचा. टिळक व आगरकर ह्यांच्यासारखीं माणसें त्यांत होतीं. गोखलेहि आजीव सभासद झाले, आणि १८८५ सालीं निघालेल्या फर्ग्युसन कॉलेजांत शिकवूं लागले.

प्रथम त्यांच्याकडे इंग्रजी वाङ्मय आलें. टिळक सोसायटींतून बाहेर पडल्यावर गणिताचा भार कांहीं काळ त्यांनीं उचलला. पुढें इतिहास व अर्थशास्त्र हे विषय त्यांचे झाले. लागेल तो विषय शिकविणारा प्राध्यापक, असें त्यांस विनोदानें म्हटलें जाई. ह्या विनोदांत थोडें सत्य होतें, पण त्यामागचे कष्ट दिसत नाहींत. गोखले हजरजबाबी वक्ते नव्हते. ऐन वेळीं सुचेल तें बोलून वेळ मारून नेण्याची त्यांची रीत नव्हती. उद्यां जें शिकवावयाचें तें आज पुन्हां पुन्हां वाचावें, मुखोद्गत करावें, अवघड जागा कोठें आहे ती आधीं हेरून ठेवावी, असा त्यांचा क्रम असे. इंग्रज राजकारणी बर्क ह्याचें फ्रेंच राज्यक्रांतीवरील पुस्तक त्यांस जवळजवळ पाठ होतें. त्यांनीं लिहिलेलें अंकगणिताचें पुस्तक शाळाशाळांतून चालूं लागलें, आणि त्यापासून त्यांस कांहीं उत्पन्नहि होऊं लागलें.

येथेंच सोसायटींतील वादाचें एक मूळ आहे. टिळकांचें मत असें होतें कीं, सोसायटीचे सभासद जेझुइट पाद्र्यांप्रमाणें संस्थेस वाहिलेले असावेत. त्यांनीं बाहेरचें उत्पन्न घेऊं नये आणि बाहेरच्या कामांत वेळ वांटूं नये. गोखल्यांनीं सार्वजनिक सभेचें चिटणीसपद स्वीकारण्याचें ठरविलें तेव्हां हा मतभेद विकोपास गेला, आणि १८९० च्या अखेरीस टिळकांनीं सोसायटीचा राजीनामा दिला. ह्या वादाकडे केवळ व्यक्तींचें भांडण म्हणून पाहणें योग्य होणार नाहीं. टिळकांचा मुद्दा खरा होता: अल्प वेतनावर चालणारी संस्था सभासदांच्या संपूर्ण निष्ठेवरच उभी असते. गोखल्यांच्या बाजूचा मुद्दाहि खरा होता: ज्या शहरांत लोकांची गाऱ्हाणीं मांडण्यास शिकलेलीं माणसें हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीं, तेथें त्यांतील अर्धीं वर्गांतच कोंडून ठेवणें समाजास परवडणारें नव्हतें. वर्गाचा वेळ न चोरतां बाहेरचें काम करून दाखविणें, एवढेंच ह्या वादास उत्तर असूं शकत होतें.

सार्वजनिक सभेचें काम म्हणजे गोखल्यांची दुसरी शाळा. तेथील गुरु न्यायमूर्ति महादेव गोविंद रानडे. सरकारी अहवाल, अंदाजपत्रकें, खानेसुमारीचीं पत्रकें व सारावसुलीचे हिशेब ह्यांचे ढीग रानडे ह्या तरुणापुढें ठेवीत आणि त्यांतून एखादा अर्ज किंवा लेख तयार करून घेत. एकहि आंकडा पडताळल्याशिवाय जातां कामा नये. एकहि शब्द हवेपेक्षां जड पडतां कामा नये. मसुदा पसंत पडला नाहीं तर तो पुन्हां लिहावयाचा. एकदां एवढ्या श्रमानें लिहिलेल्या अर्जास सरकारकडून दोन ओळींचें उत्तर आलें तेव्हां गोखले खट्टू झाले. त्यावर रानड्यांनीं त्यांस समजाविलें कीं, हे अर्ज नांवापुरते सरकारला असतात. खरें पाहतां ते लोकांसाठीं असतात, कारण सार्वजनिक प्रश्नांचा विचार कसा करावा हें लोकांनीं त्यांवरून शिकावयाचें असतें. ही आठवण गोखल्यांनींच पुढें सांगितली आहे. कौन्सिलांतील त्यांच्या साऱ्या कामाचें सूत्र ह्या आठवणींत सांपडतें.

१८९७ सालीं हिंदुस्थानच्या खर्चाची चौकशी करण्यासाठीं नेमलेल्या वेल्बी कमिशनापुढें साक्ष देण्यास गोखले लंडनला गेले. त्यांचें वय तेव्हां पुरें ३१ हि नव्हतें. तज्ज्ञ साहेबांनीं केलेल्या उलटतपासणींत ते डगमगले नाहींत, कारण प्रत्येक विधानाच्या पाठीशीं सरकारचेच आंकडे होते. परंतु त्याच वर्षीं त्यांस एक कडू धडाहि मिळाला. पुण्यांत प्लेगच्या बंदोबस्ताच्या वेळीं गोऱ्या सैनिकांनीं केलेल्या अत्याचारांविषयीं त्यांस पत्रें आलीं होतीं. त्यांवर विश्वासून त्यांनीं विलायतेंतील वृत्तपत्रांत गंभीर आरोप केला. परत आल्यावर पुरावा देण्याची वेळ आली तेव्हां तो मिळेना. पत्रें लिहिणाऱ्यांचीं नांवें फोडणें त्यांनीं नाकारलें, आणि आपलें विधान मागें घेऊन जाहीर माफी मागितली. त्याबद्दल स्वकीयांनीं त्यांची फार निर्भर्त्सना केली. पुढें प्लेगच्या दिवसांत लोकांची सेवा करून त्यांनीं आपलें स्थान हळूहळू परत मिळविलें.

अशा रीतीनें तयार झालेला हा प्राध्यापक १८९९ च्या अखेरीस मुंबईच्या कायदेकौन्सिलावर निवडून आला. तें कौन्सिल आजच्या विधानसभेसारखें नव्हतें, हें येथें सांगितलें पाहिजे. १८९२ च्या कायद्याप्रमाणें गव्हर्नर हेच अध्यक्ष असत आणि त्यांच्या कार्यकारी मंडळाशिवाय जास्तींत जास्त २० सभासद असत. बहुमत सरकारी अधिकाऱ्यांचें असे. म्युनिसिपालिट्या, स्थानिक बोर्डें, युनिव्हर्सिटीचें सिनेट अशा थोड्या संस्थांस माणसें सुचविण्याचा अधिकार मिळाला होता. सर्वसामान्य रयतेस मत नव्हतें. सभासदांस अंदाजपत्रकावर बोलतां येई, पण मत देतां येत नसे. प्रश्न विचारतां येई, पण उत्तर अपुरें वाटलें तर त्यावर उपप्रश्न विचारतां येत नसे. स्वतंत्र ठराव मांडण्याचीहि सोय नव्हती. मोजणीच्या वेळीं हार ठरलेली, आणि तरीहि बोलावयाचें, अशी ती परिस्थिति होती.

दुसरीहि एक गोष्ट लक्षांत घेण्यासारखी आहे. लोकांच्या बाजूनें सरकारास विरोध करण्याची मोकळीक सरकारी नोकरीवरील प्राध्यापकास नव्हती. पुण्याचें डेक्कन कॉलेज सरकारी होतें. फर्ग्युसन कॉलेज लोकांच्या वर्गणीवर उभें राहिलेलें होतें. फर्ग्युसनच्या इमारतीसाठीं गोखल्यांनीं स्वतः गांवोगांव हिंडून वर्गणी गोळा केली होती. ७५ रुपयांच्या त्या वेतनानें त्यांस श्रीमंती दिली नाहीं, पण तोंड उघडण्याचें स्वातंत्र्य दिलें. ज्या अल्प वेतनाच्या नियमावरून सोसायटींत वाद माजला, त्याच नियमानें गोखल्यांस कौन्सिलांत बोलण्यास मोकळें ठेवलें.

१९०० व १९०१ हीं दोन वर्षें गोखले एकाच वेळीं प्राध्यापकहि होते व कौन्सिलाचे सभासदहि होते. दुष्काळांतील मदतीची कामें, जिल्हा म्युनिसिपालिट्यांचा कायदा, इलाख्याचें अंदाजपत्रक अशा विषयांवर ते बोलले. परंतु त्यांची खरी कसोटी लागली ती १९०१ च्या जमीन महसूल दुरुस्ती बिलाच्या वेळीं. १८९९-१९०० च्या दुष्काळानें इलाखा होरपळून निघाला होता आणि शेतसारा ठिकठिकाणीं थकला होता. सरकारनें असें सुचविलें कीं, सारा थकल्यामुळें जी जमीन सरकारजमा होईल ती पुन्हां लागवडीस देतांना विकण्याचा किंवा गहाण ठेवण्याचा हक्क कुळास देऊं नये. हेतु असा सांगण्यांत आला कीं, जमीन गहाण टाकतां आली नाहीं म्हणजे शेतकरी सावकाराच्या पाशांत सांपडणार नाहीं.

वरवर पाहतां हा हेतु चांगला होता, आणि म्हणूनच त्यास विरोध करणें सोपें नव्हतें. गोखल्यांनीं शेतकऱ्याचा कर्जबाजारीपणा नाकारला नाहीं. तो त्यांनीं आधीं मान्य केला, आणि मग रोगावर हें औषध लागू पडेल काय असा प्रश्न केला. शेतकऱ्यास बी-बियाण्यासाठीं, बैलासाठीं, सारा भरण्यासाठींसुद्धां कर्ज लागतें. त्याची पत म्हणजे त्याची जमीन. ती पत कायद्यानें काढून घेतली आणि दुसरीकडे कर्ज मिळण्याची सोय केली नाहीं, तर तो सावकाराच्या हातून सुटून सरकारचें आश्रित कूळ मात्र होईल. सुधारणाच करावयाची तर ती आधीं लहान क्षेत्रांत करून पाहावी, जुन्या कर्जाची तडजोड करावी, शेतकऱ्यांसाठीं पेढ्या काढाव्या, असें त्यांनीं सुचविलें. शेतकऱ्यांस स्वस्त कर्ज मिळावें म्हणून सहकारी पतपेढ्यांचा कायदा हिंदुस्थानांत १९०४ सालीं झाला, हें ध्यानांत घेतलें म्हणजे ह्या सूचनेचें महत्त्व कळून येतें.

ऑगस्ट १९०१ मध्यें पुण्यास भरलेल्या बैठकींत सर फिरोजशहा मेहतांनीं हें बिल पुढें ढकलण्याची सूचना आणली. ती सरकारी मतांनीं फेटाळली गेली. तेव्हां मेहता उठून सभागृहाबाहेर गेले. त्यांच्यामागून भालचंद्र कृष्ण, दाजी आबाजी खरे, गोकुळदास पारेख आणि गोखले हेहि गेले. आज सभात्याग ही नित्याची बाब झाली आहे. त्या काळीं ती धक्का देणारी घटना होती. गोखल्यांसारख्या मनुष्यास ती सोपी गेली नसावी. अनादर म्हणून नव्हे, तर जबाबदारीच्या जाणिवेनें आणि मोठ्या नाखुषीनें आपण जात आहों, असें सांगून ते गेले. बिल अर्थातच पास झालें. परंतु सर्व युक्तिवाद मांडून झाल्यावर, दुसरा उपाय सुचवून झाल्यावर आणि तो ऐकला न गेल्यावर उचललेलें तें शेवटचें पाऊल होतें. तें पहिलें पाऊल असतें तर त्यास कांहीं किंमत राहिली नसती.

त्यानंतर फिरोजशहांनीं प्रकृतीच्या कारणानें व्हाइसरॉयच्या कौन्सिलांतील जागा सोडली आणि मुंबईच्या बिनसरकारी सभासदांनीं तेथें गोखल्यांस निवडून दिलें. आतां मात्र दोन कामांचा मेळ बसणें अशक्य झालें. मुंबई कौन्सिलाच्या बैठका मुंबईस किंवा पुण्यास भरत. वर्ग सांभाळून तेथें जातां येई. व्हाइसरॉयचें कौन्सिल हिवाळ्यांत कलकत्त्यास भरे आणि अंदाजपत्रक मार्चअखेर येई. कॉलेजांत अभ्यासाचा भर असतांना प्राध्यापकानें महिनेच्या महिने बाराशें मैलांवर राहावयाचें, हें विद्यार्थ्यांवर अन्याय करणारें होतें. १९०२ सालीं गोखले सोसायटीच्या सेवेंतून अल्पशा निवृत्तिवेतनावर मोकळे झाले. निरोपाच्या भाषणांत त्यांनीं किनाऱ्यावरचें सुखाचें घर आणि शेत सोडून समुद्राच्या ओढीनें होडी लोटणाऱ्या माणसाची कथा सांगितली. आपलें पुढें काय होईल ह्याची धास्ती त्यांच्या मनांत होती, तथापि निर्णय झाला होता. सोसायटीच्या नियमांत पळवाट शोधून दोन्ही जागा धरून ठेवण्याचा प्रयत्न त्यांनीं केला नाहीं, आणि १८९० च्या वादास त्यांच्याकडून मिळालेलें खरें उत्तर हेंच होय.

२६ मार्च १९०२ रोजीं त्यांनीं कलकत्त्यास अंदाजपत्रकावर पहिलें भाषण केलें. अध्यक्षस्थानीं लॉर्ड कर्झन होते. तिजोरींत कोट्यवधि रुपयांची शिल्लक पडली, ह्यावरून देश सुखी आहे असें सरकारपक्ष म्हणत होता. गोखल्यांनीं गणिताच्या शिक्षकाप्रमाणें ती शिल्लक फोडून दाखविली. हिंदुस्थान सरकारास विलायतेंत दरवर्षीं मोठी रक्कम पौंडांत भरावी लागे. रुपयाचा भाव १३ पेन्सांच्या आसपास पडला होता तेव्हां ती भरण्यास रुपये अधिक लागत, म्हणून कर वाढविण्यांत आले. पुढें रुपया १६ पेन्सांवर स्थिर झाला. रुपये कमी लागूं लागले, पण वाढविलेले कर मात्र तसेच राहिले. शिल्लक उरली ती लोकांची मिळकत वाढली म्हणून नव्हे, तर गरजेपेक्षां अधिक कर घेतला म्हणून. मग तो कर कमी कां करूं नये? त्यांत पहिला मान मिठाचा. कारण मीठ गरीब माणसासहि सोडतां येत नाहीं. मिठावरील कर तेव्हां मणास अडीच रुपये होता. १९०३ सालीं तो दोन रुपयांवर आला, १९०५ सालीं दीड रुपयावर आणि १९०७ सालीं एक रुपयावर. हें सर्व एकट्या गोखल्यांच्या भाषणांनीं झालें असें म्हणतां येणार नाहीं. पण ज्या सभागृहांत मत देण्याचाहि अधिकार नव्हता तेथें वर्षानुवर्षें तोच हिशेब तितक्याच शांतपणें मांडणाऱ्या माणसाचा त्यांत वाटा होता, हें निश्चित.

कॉलेज सोडलें तरी त्यांच्यांतील शिक्षक सुटला नाहीं. १२ जून १९०५ रोजीं त्यांनीं भारत सेवक समाज स्थापिला तो बराचसा डेक्कन एज्युकेशन सोसायटीच्याच धर्तीवर: थोडें वेतन, दीर्घ सेवेचें वचन, आणि सार्वजनिक काम करूं इच्छिणाऱ्यानें आधीं पांच वर्षें अभ्यास करावा असा नियम. वक्तृत्वापूर्वीं अभ्यास, ही शिस्त ते वर्गांतून राजकारणांत घेऊन आले.

त्याच वृत्तीनें १६ मार्च १९११ रोजीं त्यांनीं प्राथमिक शिक्षणाचें बिल मांडलें. त्याची मागणी अत्यंत मोजकी होती. सहा ते दहा वर्षांच्या मुलांस शिक्षण सक्तीचें करण्याचा अधिकार स्थानिक संस्थांस मिळावा. तोहि ज्या भागांत शंभरांपैकीं निदान तेहतीस मुलें आधींच शाळेंत जात असतील तेथेंच. आणि खर्चाचे दोन वांटे सरकारनें व एक वांटा स्थानिक संस्थेनें सोसावा. पैसा नाहीं, शिक्षक नाहींत, लोकांस सक्ती आवडणार नाहीं, अशा हरकती निघाल्या. गोखल्यांनीं त्या एकेक घेऊन उत्तरें दिलीं. १९ मार्च १९१२ रोजीं मतें मोजलीं गेलीं तेव्हां बिलाच्या बाजूनें १३ व विरुद्ध ३८ मतें पडलीं. विरुद्ध मतांत कांहीं हिंदी सभासदांचींहि होतीं. आपल्या पिढीस अपयशानेंच देशसेवा करावी लागणार, पुढच्या पिढ्या यशानें करतील, अशा आशयाचे उद्गार त्यांनीं काढले. १९ फेब्रुवारी १९१५ रोजीं ते वारले.

तथापि ह्या बिलाची कथा येथें संपत नाहीं. गोखल्यांचे फर्ग्युसनमधील विद्यार्थी रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे हे १८९९ सालीं केंब्रिजला सीनिअर रँग्लर झाले. हा मान मिळविणारे ते पहिले हिंदी गृहस्थ. त्यांस मोठ्या पगाराची सरकारी जागा सहज मिळाली असती; पण सोसायटीस दिलेलें वचन पाळून ते परत आले आणि १९०२ सालीं, म्हणजे गोखले निवृत्त झाले त्याच वर्षीं, फर्ग्युसन कॉलेजाचे प्रिन्सिपॉल झाले. गणिताचे वर्ग घेत, कॉलेजाचा कारभार पाहत, ते मुंबईच्या कायदेकौन्सिलांतहि काम करूं लागले, आणि पुढें तेथें ते मुंबई युनिव्हर्सिटीचे प्रतिनिधि होते. गोखल्यांस जो संयोग दोन वर्षें साधला तो परांजप्यांनीं पुष्कळ अधिक काळ चालविला.

दरम्यान विठ्ठलभाई पटेलांच्या खटपटीनें १९१८ सालीं मुंबई इलाख्यांत म्युनिसिपालिट्यांच्या हद्दींत सक्तीचें प्राथमिक शिक्षण सुरू करण्याचा कायदा झाला. १९२१ पासून शिक्षणखातें लोकनियुक्त मंत्र्याच्या हातीं आलें आणि मुंबईचे पहिले शिक्षणमंत्री झाले ते परांजपे. त्यांच्याच कारकीर्दींत १९२३ चा प्राथमिक शिक्षणाचा कायदा झाला. गुरूचें नापास झालेलें बिल अकरा वर्षांनीं शिष्यानें आपल्या इलाख्यापुरतें पास करून घेतलें, असें म्हटलें तर तें फारसें चुकणार नाहीं. संबंध देशापुरतें बोलावयाचें तर सहा ते चौदा वर्षांच्या मुलांस मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क देणारा कायदा २००९ सालीं झाला आणि तो १ एप्रिल २०१० पासून अमलांत आला. गोखल्यांचें बिल फेटाळलें गेल्यास तेव्हां अठ्याण्णव वर्षें होऊन गेलीं होतीं.

स्वतंत्र भारताच्या राज्यघटनेनें शिक्षकास कायदेमंडळाजवळ आणण्याची व्यवस्था मुद्दाम केली आहे. ज्या राज्यांत विधानपरिषद आहे तेथें सुमारें एक-बारांश जागा पदवीधरांनीं आणि तितक्याच जागा माध्यमिक शाळेपासून वरच्या शिक्षकांनीं निवडावयाच्या असतात. महाराष्ट्राच्या विधानपरिषदेंत ७८ जागा आहेत; त्यांपैकीं ७ पदवीधरांच्या व ७ शिक्षकांच्या. मात्र उमेदवार स्वतः शिक्षक असलाच पाहिजे अशी अट घटनेंत नाहीं. फर्ग्युसन कॉलेजाचेच इंग्रजीचे प्राध्यापक ग. प्र. प्रधान हे अध्यापनाचें काम संपवून पुणें विभागाच्या पदवीधर मतदारसंघांतून अठरा वर्षें विधानपरिषदेंत होते. ह्यावरून एवढें दिसतें कीं, गोखल्यांनीं पाडलेली वाट त्यांच्या कॉलेजांत तरी बुजली नव्हती.

मग शिक्षकानें कायदेमंडळांत जावें काय? गोखल्यांच्या उदाहरणावरून पाहतां ह्या प्रश्नाचें उत्तर तीन गोष्टींवर अवलंबून आहे. पहिली गोष्ट वेळ. जोंवर वर्ग बुडत नाहीं तोंवर दोन्ही कामें करावीं. बुडूं लागला कीं एक सोडावें, आणि विद्यार्थ्यांच्या पदरीं रिकामी खुर्ची ठेवूं नये. दुसरी गोष्ट स्वातंत्र्य. ज्याची भाकर सरकारच्या किंवा संस्थाचालकांच्या मर्जीवर अवलंबून आहे त्याचें भाषण शेवटीं त्या मर्जीइतकेंच मोकळें राहतें. तिसरी आणि सर्वांत महत्त्वाची गोष्ट तयारी. प्राध्यापक ही पदवी कायदेमंडळाच्या दाराशीं उपयोगीं पडत असेल, पण आंत गेल्यावर तिचा उपयोग नाहीं. आंत उपयोगीं पडते ती संवय: उद्यांचा धडा आज वाचण्याची, प्रतिपक्षाचें म्हणणें आधीं नीट समजून घेण्याची, आणि आंकडा पडताळल्याशिवाय तो तोंडांतून बाहेर न काढण्याची.

गोखल्यांच्या काळांत कौन्सिलांतील लोकपक्षाजवळ मतें नव्हतीं, म्हणून त्यांस हिशेबावर भिस्त ठेवावी लागली. आज कायदेमंडळांत लोकांचेच प्रतिनिधि बसतात आणि मतांच्या जोरावर हिशेबावांचूनहि कायदे पास होऊं शकतात. त्यामुळें तेथें अभ्यासाची गरज कमी झाली असें कोणास वाटेल; वस्तुतः ती वाढली आहे. कारण त्या वेळीं सरकारच्या चुकीचें खापर परक्यांवर फोडतां येत होतें. आज अंदाजपत्रक न वाचतां हात वर करणारा सभासद आपला असतो, आणि त्यास तेथें पाठविणारे मतदारहि आपणच असतों.